मिठातलं काळवीट

करडवाडीत सकाळी नळाला पाणी आलं की बायका म्हणतात, "अप्पा आला." पाणी आणि अप्पा यांत गावानं कधी फरक केलेला नाही. पाणी उशिरा आलं तर अप्पाला झोप लागली, गढूळ आलं तर अप्पानं गढूळ सोडलं, आणि वेळेवर, स्वच्छ आलं तर मात्र ते देवानं दिलं.

सिद्धलिंग अप्पा हे ग्रामपंचायतीचे पाणीवाले. मुखेडहून एसटीनं तासाभरावर असलेल्या या गावात सव्वीस वर्षं ते एकच काम करत आले. ओढ्याकाठच्या विहिरीवरची मोटार चालू करायची, टाकी भरायची आणि ठरल्या वेळी गल्लीगल्लीचे व्हॉल्व्ह उघडायचे, मिटायचे. वय छप्पन्न, अंगानं किरकोळ, कपाळावर भस्माचे तीन पट्टे, खांद्यावर टॉवेल आणि हातात व्हॉल्व्हची लांब लोखंडी चावी.

त्यांचा एक नेम होता. विहिरीतून पहिला तांब्या काढायचा, तिथंच कट्ट्यावर बसून गळ्यातलं लिंग तळहातावर घ्यायचं, पूजा करायची आणि लिंगावरून उतरलेलं पाणी तीर्थ म्हणून प्यायचं. त्यानंतर मोटारीचं बटण. ज्या पाण्यानं देवाची पूजा झाली आणि जे आपण प्यालो, तेच गावाला सोडायचं. पाणी तपासायची याहून चांगली पद्धत कुठल्या खात्याकडं असेल तर ती या प्रकरणात तरी कुणी वापरली नाही.

फाल्गुनात एका सकाळी तीर्थ घेताना अप्पांच्या नाकाला वास लागला. फवारणीचा पंप धुतल्यावर येतो तसा. त्यांनी दुसरा तांब्या काढला. तोच वास. ओढ्याच्या वरच्या अंगाला, चालत अर्ध्या तासावर, आदल्या वर्षी एक फॅक्टरी सुरू झाली होती. मोठ्या पिंपांतून फवारणीची औषधं यायची आणि छोट्या डब्यांत भरून जायची. रिकामी पिंपं मागच्या बाजूला धुतली जात. ते पाणी कुठं जातं हे कळायला शहाणपण लागत नव्हतं, उताराकडं बघितलं तरी पुरे होतं.

अप्पांनी ग्रामसेवकाला सांगितलं. ग्रामसेवक म्हणाला, "टीसीएल पावडर वाढवा." अप्पांनी ती जंतू मारायची पावडर वाढवली. आता पाण्याला दोन वास येऊ लागले. मग बाटलीत नमुना भरून तपासणीला गेला आणि बारा दिवसांनी कागद आला की पाण्यात रोगजंतू आढळले नाहीत, पाणी पिण्यास योग्य.

"जंतू कसे राहतील साहेब?" अप्पा म्हणाले. "आत उतरला की तो बी मरतोय."

ग्रामसेवक हसला. कागद फायलीला लागला.

आता हरणांचं सांगायला हवं. मळ्याच्या रस्त्यावर एक व्हॉल्व्ह होता. त्याचा नट नऊ वर्षं पाझरत होता आणि खाली परातीएवढं डबकं साचायचं. माळावरचा काळविटांचा कळप उन्हाळाभर तिथं पाण्याला येई. अप्पांनी तो नट आवळला नाही, आवळायला विसरले असंही नाही. कळपात मागचा डावा पाय ओढत चालणारा एक नर होता. अप्पा व्हॉल्व्हपाशी असले तरी तो वीसेक पावलांवर येऊन उभा राही आणि अप्पा निघेपर्यंत हलत नसे. अप्पांची बायको मल्लम्मा त्याला 'तुमचा पाव्हणा' म्हणे.

हा कळप कुणाचा, हा प्रश्न गावात एकदाच निघाला होता. ग्यानोबा पाटलाचा हरभरा कळपानं साफ केला तेव्हा. पाटलानं अर्ज केला, हेलपाटे घातले आणि शेवटी उत्तर आलं की सदर प्राणी मुक्त संचार करणारे असून घटनास्थळ वनहद्दीबाहेर आहे. म्हणजे कुणाचाच नाही, असा अर्थ गावानं लावला.

पाण्याला वास यायच्या महिनाभर आधी, माघात, नव्या पाणी योजनेचा इंजिनीअर आला होता. गळती शून्य करायची होती. त्यानं फोटो काढत काढत सगळे व्हॉल्व्ह बघितले आणि मळ्याच्या रस्त्यावरच्या डबक्यापाशी येऊन थांबला. अप्पांना नट आवळावा लागला. आवळताना त्यांनी माळाकडं पाहिलं नाही. चार दिवसांत डबकं वाळलं आणि कळप ओढ्यावर जाऊ लागला.

चैत्रात, एका बुधवारी सकाळी, विहिरीवर जाताना अप्पांना ओढ्याच्या वाळूत तीन काळविटं पडलेली दिसली. दोन माद्या आणि लंगडा. तोंडाला फेस, पाय ताठ, अंगावर कुठं जखम नाही. पाण्यापासून जेमतेम दहा पावलं. विहीर तिथून दीडशे.

अप्पांनी त्या दिवशी पूजा घरच्या रांजणातल्या पाण्यानं केली आणि मोटारीचं बटण दाबलं नाही. विहिरीचा व्हॉल्व्ह मिटला, शाळेमागच्या जुन्या बोअरचा उघडला. त्या बोअरला पाणी इतकं कमी की प्रत्येक गल्लीला तिसऱ्या दिवशी अर्धा तास मिळणार. ठराव नाही, आदेश नाही. सव्वीस वर्षांत अप्पांनी स्वतःच्या मनानं केलेलं हे पहिलं काम. मग त्यांनी वनरक्षकाला फोन लावला.

वनरक्षक आदिनाथ नायगावकडचा. पोरगा सरळ होता, पण त्याच्या हाती गावं चाळीस आणि वाहन स्वतःची मोटारसायकल.

"अप्पा, हात लावू नका," तो म्हणाला. "मेलेला वन्यप्राणी सरकारी मालमत्ता असतो. कायदा आहे तसा."

"बरं झालं सांगितलं. मग मालक कवा येतो?"

"उद्या साहेबांना घेऊन येतो."

उद्या साहेबांची नांदेडला मीटिंग निघाली. परवा जयंतीची सुट्टी. त्यानंतर शनिवार, रविवार. "तोवर तेवढं लक्ष ठेवा अप्पा," असं आदिनाथ रोज फोनवर सांगत राहिला. अप्पा दोन दिवस टॉवेल डोक्यावर घेऊन, काठी घेऊन, सरकारची मालमत्ता राखत वाळूत बसले. शुक्रवारी बोअरचं पाणी सोडायला गेले, तेवढ्यात कुत्र्यांनी डाव साधला. परत येईपर्यंत दोन माद्यांची हाडं उरली होती. लंगड्याची कूस फाडलेली होती. अप्पांनी धोंडे मारून कुत्री हाकलली.

शनिवारी सकाळी ते घरातून कुदळ, फावडं आणि खडेमिठाची गोणी घेऊन निघाले. मल्लम्मा दारात आडवी आली.

"अय्यो, ते माझं लोनच्याचं मीठ हाय!"

"दुसरं आनू."

"कशाला पायजे तुमाला?"

"पाव्हण्याला माती द्यायची."

मल्लम्मानं कपाळावर हात मारला. "हरनाला मीठ-भस्म? मानसाला करतात तसं?"

"नंदीला करत न्हाई का आपन? तुझ्या बापानं खिल्लारी बैलाला माती दिली तवा तूच रडत बसली होतीस की."

"तो बैल घरचा होता!"

"आन् हा न्हाई? नऊ वर्सं माझ्या हातचं पानी प्याला. मी नट आवळला म्हनून तिकडं गेला." मल्लम्मा आत गेली आणि भस्माची गोळी आणि बेलाची डहाळी घेऊन आली.

लिंगायतांत माणसाला बसवून माती देतात. अप्पांनी कमरेएवढा खड्डा घेतला, लंगड्याचे पाय दुमडून त्याला बसतं केलं, तोंड उत्तरेकडं. कुत्री वासानं उकरतील म्हणून फाटलेल्या कुशीतून पोटात मूठमूठ मीठ भरलं, उरलेलं चारी बाजूंनी ओतलं. कपाळावर भस्म लावलं, बेल ठेवला, माती लोटली. मग घरी येऊन अंघोळ केली. सव्वीस वर्षं सरकारी पाइप सांभाळलेल्या माणसाला त्या वेळी एकदाही वाटलं नाही की आपण काही गुन्हा केला.

सोमवारी जीप आली. वनपाल साहेब उतरले, आदिनाथ उतरला. साहेबांनी नाकाला रुमाल लावून हाडांचे फोटो घेतले.

"तीन होते ना? तिसरा कुठाय?"

"पुरला."

"पुरला? कुणाच्या परवानगीनं?"

"मालकाला फोन केलता साहेब. मालक मीटिंगला गेलता."

आदिनाथनं मान खाली घातली. साहेबांचा आवाज चढला. "काळवीट आहे ते! शेळी नाही. सरकारी मालमत्तेची परस्पर विल्हेवाट लावलीत तुम्ही. आत जायची वेळ येईल."

"मला एक सांगा साहेब," अप्पा म्हणाले. ते खरोखरच विचारत होते. "हरभरा खाल्ला तवा ते सरकारचं नव्हतं. पानी प्याला येत होतं तवा बी कुनी इचारलं न्हाई. मेल्यावर सरकारचं झालं. ठीक हाय, झालं. मग सरकारच्या जनावराला कुनी इख घातलं, हे सरकार बघनार का न्हाई? माझ्या म्हशीला कुनी इख घातलं तर मी पोलिस ठान्यात जाऊन आरडाओरडा करीन. तुमी कसले मालक हो? मेल्यालं मोजायला आले, मारनाऱ्याचं नाव बी घेईनात."

"ते आमच्या अखत्यारीत नाही. प्रदूषणाचं खातं वेगळं."

मग साहेबांनी आदिनाथला बाजूला घेतलं, दोघं थोडा वेळ बोलले, आणि साहेब परत आले तेव्हा आवाज एकदम गोड झालेला होता. "हे बघा अप्पा, वयस्कर माणूस आहात. पंचनामा आपण असा करू. मोकाट कुत्र्यांच्या हल्ल्यात दोन मादी काळविटांचा मृत्यू. दोनच. तुम्ही पंच म्हणून सही करा. तुमचा विषय संपला, आमचाही."

थोड्याच वेळात पंचनामा लिहून तयार झाला. मृत्यूचं कारण या रकान्यात 'मोकाट कुत्र्यांचा हल्ला'. अप्पांनी तो कागद दोनदा वाचला. सही केली तर घरी. सही केली तर कागदावर ओढा स्वच्छ, विहीर स्वच्छ, आणि उद्या सरपंच म्हणणार, उघड तो व्हॉल्व्ह.

"कुत्री मेल्यावर आली साहेब. मी डोळ्यांनी बघितलं. ही सही माझ्याच्यानं होत न्हाई."

जीप गेली. जाताना साहेब म्हणाले, "विचार करा. आठ दिवस थांबतो."

ते आठ दिवस अप्पांच्या आयुष्यातले सगळ्यात वाईट. विहिरीचं पाणी बंद, त्यामुळे तिसऱ्या दिवशीच्या अर्ध्या तासासाठी नळावर भांडणं. रिकामी घागर घेऊन आलेल्या चतुराबाईनं भर चौकात विचारलं, "अप्पा, हरनं मेली तर सुतक आमाला कामून?" सरपंचानं पंचायतीत बोलावून सांगितलं, तपासणीचा कागद आहे, पाणी योग्य आहे, पंधरवड्याच्या आत व्हॉल्व्ह उघडा नाहीतर दुसरा माणूस बघतो. दोन वर्षांवर काम सुटायचं आणि हे बोलणं. मल्लम्माच तेवढी गप्प होती, आणि मल्लम्मा गप्प असणं हे घरात काही चांगलं लक्षण धरत नसत.

अप्पांनी विहिरीचं पाणी बाटलीत भरलं आणि एसटी धरली. मुखेडला सांगितलं, नांदेडला जा. नायगावमार्गे नांदेड, पायांत गोळे येईपर्यंत उभं राहून. नांदेडात एका कार्यालयात म्हणाले, कारखान्याचं आम्ही बघतो, पण वन्यप्राणी आमच्याकडं येत नाहीत, मृत्यूचं कारण सिद्ध झाल्याचा कागद आणा. दुसऱ्या कार्यालयात म्हणाले, वन्यप्राणी आमचे, पण पंचनाम्यात कारण कुत्रे येतंय. तिसऱ्यात पाण्याची बाटली टेबलावर ठेवली तर माणूस म्हणाला, ही बाटली तुम्ही भरली, आमच्या माणसानं नाही, म्हणून ही चालत नाही. तुमचा माणूस कधी येईल? ओढा नकाशात नदी म्हणून दाखवलाय का, ते आधी बघावं लागेल. प्रत्येक जण आपापल्या जागी बरोबर बोलत होता, हेच सगळ्यात चीड आणणारं होतं. एकालाही खोटं ठरवता येईना. हरीण एकाचं, पाणी दुसऱ्याचं, विष तिसऱ्याचं, आणि हरणानं मरताना तिन्ही खात्यांना कळवायला हवं होतं.

परतताना मुखेडला गाडी बदलायची होती. स्टँडच्या मागं जनावरांचा दवाखाना. अप्पा तिथं केवळ सावलीला टेकले. डॉक्टर आरती मॅडम एका गाईला इंजेक्शन देत होत्या. हात धुताना त्यांनी अप्पांच्या हातातली बाटली बघितली.

"काका, दूध आहे का ते?"

"दूध कसलं मॅडम, इख हाय." आणि अप्पांनी उभ्या उभ्या सगळं सांगितलं. कुणीतरी पहिल्यांदाच मधे न बोलता ऐकत होतं, म्हणून मिठाच्या गोणीपर्यंत सांगितलं.

"थांबा. मीठ किती घातलं?"

"अर्धी गोनी. बायकोचं लोनच्याचं."

"पोटात?"

"कुत्र्यानं कूस फाडली होती ना. ठासून भरलं. चुकलं का?"

मॅडम हात पुसायचंच विसरल्या. "काका, विषाची तपासणी करायची असते तेव्हा आम्ही काळीज, पोट मिठाच्या पाण्यातच ठेवून पाठवतो. उघड्यावर ते आणखी दोन दिवसांत संपलं असतं. तुमचं काळवीट... खात्री देत नाही, पण तपासायला काहीतरी शिल्लक असेल."

"मग चला, उकरू."

"मला नाही उकरता येत. तुम्हालाही नाही. वन खात्यानं उकरून माझ्यापुढं आणायला हवं. त्यांची मालमत्ता आहे."

पुन्हा तेच. गाडीत अप्पा खिडकीशी बसून तेच घोळवत राहिले. सरकार उकरणार नाही, कारण कागदावर तिसरं काळवीटच नाही. तिसरं काळवीट कागदावर कधी येईल? मुखेड सुटून दोन थांबे गेल्यावर अप्पा इतके मोठ्यानं "हाव, जमलं!" म्हणाले की कंडक्टरला वाटलं यांना उतरायचंय.

आठव्या दिवशी जीप आली. साहेबांनी तोच पंचनामा पुढं केला.

"हा राहू द्या," अप्पा म्हणाले. "माझ्यावर केस करा."

"काय?"

"काळवीट पुरला ना मी? सरकारची मालमत्ता? परस्पर इल्हेवाट? तुमीच म्हनले. मी कबूल करून राहिलो. घ्या लिहून." त्यांनी खिशातून घडी केलेला कागद काढला. शाळेतल्या मास्तराकडून शुद्ध मराठीत लिहून आणला होता. मी, सिद्धलिंग, अमुक तारखेला अमुक ठिकाणी एक नर काळवीट खड्डा करून पुरला असून सदर जागा दाखवण्यास तयार आहे.

साहेबांनी पंचनामा खाली घेतला. "अप्पा, वेड लागलं का? आम्ही तुम्हाला वाचवतोय."

"मला नका वाचवू. गाव वाचवा. केस म्हनलं की मुद्देमाल लागतो. मुद्देमाल खड्ड्यात हाय. उकरावा लागंल. उकरला की डाक्टर मॅडमला दाखवावा लागंल. मेला कशानं, ते लिहावं लागंल. बरोबर का न्हाई?"

"आणि केस केली नाही तर?"

"हाच कागद नांदेडला टपालानं धाडतो. बुधवारी फोन केला, सोमवारी जीप आली, हे बी खाली लिहितो."

साहेबांचा चेहरा उतरला. गुन्हा नोंदवायचा तर उशीर बाहेर येणार, न नोंदवायचा तरी येणार. ते काही बोलणार इतक्यात आदिनाथनं बॅगेतून गुन्ह्याच्या अहवालाचं पुस्तक काढलं आणि जीपच्या बॉनेटवर उघडलं.

"पूर्ण नाव सांगा अप्पा," तो म्हणाला. त्यानं साहेबांकडं बघितलं नाही.

पुरल्यापासून सोळाव्या दिवशी खड्डा उघडला. सगळं गाव जमलं. चतुराबाई सगळ्यांत पुढं. आरती मॅडमनी हातमोजे घातले. माती बाजूला झाली तशी मिठाची ओलसर पांढरी खपली दिसू लागली आणि तिच्यात पाय दुमडून बसलेलं काळवीट. कातडी सुकली होती, शिंगं तशीच होती. बेल काळा पडला होता. मॅडमनी वाकून बराच वेळ काम केलं. मग तीन बरण्या भरल्या, झाकणं लावली, लाख लावून शिक्के मारले.

"मिळालं?" अप्पांनी विचारलं.

"मिळालंय. काय निघतं ते प्रयोगशाळा सांगेल."

आदिनाथ मुद्देमालाची यादी लिहीत होता. नर काळविटाचा मृतदेह, एक. शिंगं, दोन. खडेमीठ, अंदाजे अकरा किलो. मल्लम्मानं कान देऊन ऐकलं.

"मीठ बी नेनार?"

"न्यावं लागतं मामी. पुरावा आहे."

"हाव, न्या," मल्लम्मा म्हणाली. "निस्त्या मुद्देमालाची चव कशी लागंल सरकारला?" एवढे दिवस गप्प असलेली ती बोलली तेव्हा अप्पांना कुठं बरं वाटलं.

सरपंचाची मुदत संपली तरी व्हॉल्व्ह उघडा असं कुणी पुन्हा म्हणालं नाही. लाखेचे शिक्के सगळ्यांनी बघितले होते. दीड महिन्यानं अहवाल आला. काळजात आणि पोटात फवारणीचं औषध, नावासकट. तेच नाव फॅक्टरीच्या पिंपांवर होतं. आता खात्याचा माणूस स्वतः बाटली घेऊन आला आणि त्यानं विहिरीचं पाणी भरून नेलं. त्यातही तेच निघालं. विहिरीवर लाल पाटी लागली, 'पाणी पिण्यास अयोग्य'. म्हणजे फाल्गुनापासून अप्पा जे सांगत होते ते आता पाटीवर आलं. पाण्याचा टँकर सुरू झाला, मग टेकाडावर नवी बोअर पडली. चतुराबाईनं एका सकाळी अप्पांच्या तांब्यात ताक ओतलं आणि काही न बोलता निघून गेली.

फॅक्टरीला नोटीस गेली. म्हणणं मांडायला त्यांना मुदत मिळाली. ती वाढवून मिळाली. पुन्हा वाढवून मिळाली. पिंपं धुतलेलं पाणी ओढ्यात सोडणारा मागचा नाला त्यांनी सिमेंटनं बुजवला, एवढं मात्र खरं. काळविटांचा मालक म्हणून सरकारनं त्यांच्याविरुद्ध अजून एक अर्जसुद्धा केलेला नाही. ज्याच्यावर खटला उभा राहिला तो माणूस या सगळ्या प्रकरणात एकच आहे.

पहिल्या तारखेला अप्पा आणि मल्लम्मा मुखेडला गेले. कोर्टाच्या आवारात लिंबाखाली आदिनाथ भेटला. त्याची बदली झाली होती. कुठं, ते त्यानं सांगितलं नाही.

"अप्पा, गुन्हा कबूल करून टाका. साधी शिक्षा होईल, सुटाल."

"कबूल तर मी कवाच केलाय बाबा. तुमालाच लिहून घ्यायला आठ दिवस लागले." मग म्हणाले, "आन् तो लंगडा? आता त्याचं काम झालं ना? तेवढा परत द्या. खड्डा उघडा हाय अजून."

"मुद्देमाल आहे अप्पा. निकाल लागेपर्यंत खात्याच्या खोलीत."

"निकाल कवा लागंल?"

आदिनाथनं वर लिंबाकडं बघितलं. आत पुकारा झाला. पाच मिनिटांत पुढची तारीख घेऊन अप्पा बाहेर आले.

दुसऱ्या दिवशी सकाळी नव्या बोअरचा पहिला तांब्या काढून त्यांनी पूजा केली, तीर्थ घेतलं, थोडा वेळ तोंडात घोळवलं. वास नव्हता. गल्ल्यांना पाणी सोडून झालं तसे ते लांब चावी खांद्यावर टाकून मळ्याच्या रस्त्यानं गेले. माघात आवळलेल्या नटाला चावी लावली आणि दोन आटे मागं फिरवले. पाणी थेंबथेंब गळू लागलं. अप्पांनी पायानं माती सारून आळं केलं आणि निघून आले.

पंधरा दिवसांनी इंजिनीअर आला. डबकं आता परातीएवढं होतं. त्याच्या काठच्या चिखलात खुरांचे ठसे होते, लहान, जवळजवळ, बरेच.

"अप्पा, ही गळती शून्य होती! कुणी केली?"

"लिहा साहेब, मीच," अप्पा म्हणाले, आणि सहीसाठी हात पुढं केला.